पोकळ आवाजाचा कोपरा

मित्रांनो, आज तुम्ही माझ्यावर उभे राहिलात तरी मी तुम्हाला दिसणार नाही. तुम्हाला दिसतील त्या राखाडी, खरबरीत फरश्या, त्यांच्यामधल्या सरळ रेघा आणि कडेने गेलेली पाण्याची बारीक नाली. मी त्या फरश्यांच्या खाली आहे. एका घराच्या मागच्या अंगणातला मी जुना कोबा. वय वर्षे चौतीस. गेल्या महिन्यात मला माझ्याबद्दलच जे कळले, त्याचा धक्का अजून माझ्या अंगातून गेलेला नाही. कोणाला तरी सांगितल्याशिवाय तो जायचाही नाही. म्हणून तुम्हाला सांगतो.

माझा जन्म घाईघाईत झाला. खडी, वाळू, सिमेंट आणि पाणी कालवून गवंड्याच्या माणसांनी पाट्यांमागून पाट्या ओतल्या. ओल्या कोब्याला फारशी अक्कल नसते. वरून लाकडी फळी फिरत असते आणि आपण सपाट व्हायचे, एवढेच त्याला कळते. त्यामुळे मला कशावर ओतले आहे, ते मी पाहिलेच नाही.

घराचे मालक तेव्हा तिशीत होते. छापखान्यात यंत्रावर काम करायचे. आज सगळे त्यांना अप्पा म्हणतात, म्हणून मीही तेच म्हणतो. त्यांच्या पत्नीला आठवा महिना होता. संध्याकाळी कमरेवर हात ठेवून ती मागच्या दारात उभी राहिली.

"झालं का सगळं नीट?" तिने विचारले.

"झालं," अप्पा म्हणाले. "अगदी गळ्यापर्यंत भरलं."

एखादा खड्डा बुजवल्याचे ते सांगत असतील, असे मला वाटले. मग सात दिवस त्यांनी माझ्यावर सकाळ-संध्याकाळ पाणी मारले. मी घट्ट झालो आणि माझ्या मनात एक गोष्ट पक्की बसली, की आपण भक्कम आहोत.

दोन महिन्यांनी घरात मुलगी आली. मित्रांनो, ती माझी सुखाची वर्षे होती. तिची आई कोवळ्या उन्हात तिला मांडीवर घेऊन माझ्यावर बसे. मुलगी रांगली ती माझ्यावर, पहिल्यांदा पडली तीही माझ्यावर. खडूने तिने माझ्यावर घरे काढली, पाय मोडलेले घोडे काढले, आणि एकदा सगळ्या घराला पुरेल एवढा मोठा मासा काढला. त्या माशावर तिच्या आईने दोन दिवस पाय टाकला नाही. येणारे-जाणारे म्हणत, "काय गुळगुळीत काम झालंय." मला गुदगुल्या होत.

एकाच गोष्टीचे मला वाईट वाटे. माझ्या डाव्या कोपऱ्यात, कुंपणाच्या भिंतीपाशी, अप्पांनी एक वेताची खुर्ची आणून ठेवली होती. कामावरून आले की ते तिथे बसत. ते नसले तरी खुर्ची तिथेच राही आणि तिच्या दोन्ही बाजूंना दोन बुटकी स्टुले. तिकडे कोणी फिरकायचे नाही, असा त्यांचा दंडक होता. मुलीचा चेंडू घरंगळत गेला, तर अप्पा स्वतः उठून तो आणून देत. शेजारी चेष्टेने त्या जागेला सिंहासन म्हणायचे.

मुलगी सात वर्षांची असताना एकदा दोरीच्या उड्या मारत त्या कोपऱ्यात गेली. अप्पा धावत आले, तिला दंडाला धरून खेचले आणि तिच्या पाठीत एक धपाटा घातला. उभ्या जन्मात त्यांनी तिला मारले ते तेवढेच. ती रडलीसुद्धा नाही. नुसती बघत राहिली. तिची आई म्हणाली, "एका खुर्चीसाठी लेकरावर हात उचललात?" आणि दोन दिवस ती त्यांच्याशी बोलली नाही. मलाही अप्पांचा राग आला. एवढा काय तो जागेचा हव्यास, असे मी मनात म्हटले.

तो कोपरा मात्र खरेच गार होता. भर उन्हाळ्यात बाकीचा मी तव्यासारखा तापे, पण तिथे माझ्या पोटाला सतत थंड हवा लागे. मला वाटायचे, सगळ्याच कोब्यांना कुठेतरी असे गार लागत असेल. ज्याने दुसऱ्याचे पोट कधी पाहिले नाही, त्याला आपल्या पोटातले वेगळेपण कसे कळणार?

वर्षे गेली. मुलगी शिकायला बाहेर पडली, मग नोकरीला लागली. तिची आई आजारी पडली आणि एका हिवाळ्यात गेली. त्यानंतर माझ्यावर कपडे वाळत घालायलाही कोणी येईना. माझ्या अंगावर शेवाळ चढले. मधोमध एक भेग गेली, तिच्यात गवत उगवले. पावसाचे पाणी उलटे घराकडे वाहू लागले आणि मागच्या दाराच्या चौकटीला ओल आली. अप्पा तेवढे संध्याकाळी येऊन त्या कोपऱ्यात बसत. त्यांचा गुडघा धरला होता, तरी येत. मी त्यांच्यावरचा जुना राग विसरून गेलो होतो. दुसरे कोणी येतच नव्हते, तर रागावणार कोणावर?

गेल्या वर्षी मुलगी परत आली. तिचे कार्यालय बंद पडले होते आणि अप्पांनाही आता एकट्याने राहणे झेपत नव्हते. तिला आता आजूबाजूचे सगळे ताई म्हणतात. दोन महिने ती घरात स्वस्थ बसली, मग तिने ठरवले, की पाळणाघर काढायचे. खालची खोली मुलांना झोपायला आणि मागचे अंगण खेळायला. बारा मुलांची नावे आली. त्यातली सात तर जेमतेम चालायला लागलेली.

"पण या कोब्यावर नको," ती मला पायाने घासत म्हणाली. "शेवाळावरून एक जरी पोर घसरलं, तर माझं काही खरं नाही. यावर नवीन फरशी घालून घेऊ."

मला आनंद झाला, मित्रांनो. झाकला गेलो तरी बारा मुले पेलायला मिळणार होती. अप्पांना मात्र ते नको होते. दोनदा ते म्हणाले, "राहू दे ना. पुढच्या वर्षी बघू." ताईने ते म्हातारपणाचे बोलणे समजून सोडून दिले.

मग मिस्त्री आला. फरशी घालण्यात त्याचा हातखंडा होता, पण लोक त्याला टकटक मिस्त्री म्हणत, कारण ठोकून पाहिल्याशिवाय तो कशावरही विश्वास ठेवत नसे. ताईने चहाचा कप दिला, तर त्याने त्याच्यावरही नख वाजवून पाहिले. "सवय आहे," तो म्हणाला. "तडा गेलेली वस्तू तोंडाने सांगत नाही, आवाजाने सांगते."

दारापासून त्याने सुरुवात केली. लेव्हलची नळी लावून उंबऱ्याची उंची पाहिली. "फरशी आणि खालचा माल मिळून दोन इंच चढेल. उंबरा त्याच्या वर राहतो, हरकत नाही. ढाळ घराकडे गेलाय, तो उलटा फिरवून बागेकडे काढू. शेवाळ खरवडू, मग कोब्याला छिन्नीने टाचे मारू, म्हणजे नवा माल जुन्याला धरेल. गुळगुळीत अंगावर काही चिकटत नाही, ताई. आणि ही भेग भरली, की जुना कोबा अजून चाळीस वर्षं हलत नाही."

हे ऐकून मी फुगलोच.

तेवढ्यात फरश्यांची गाडी आली. अंगणाच्या मागच्या फाटकातून माल उतरवायचा होता. दारासमोरचा रस्ता मोकळा राहायला हवा, म्हणून ताईने डाव्या कोपऱ्याकडे बोट दाखवले. "अप्पांची खुर्ची उचलू आणि सगळा ढीग तिथे रचू."

तो ढीग एका छोट्या मोटारीच्या वजनाचा होणार होता.

अप्पा घरातून आले. भिंतीला धरत, लंगडत, पण असे भराभर, की ताई बघतच राहिली. ते कोपऱ्यात गेले आणि खुर्चीत बसले.

"इथे काही ठेवायचं नाही," ते म्हणाले.

"अप्पा, दोन दिवसांचा प्रश्न आहे. उठा."

"नाही उठणार."

"गाडीवाला खोळंबलाय."

"खोळंबू दे."

ताईचा चेहरा लाल झाला. "लहानपणापासून हेच बघत आलेय मी," ती म्हणाली. तिचा आवाज चढला नव्हता, उलट खाली गेला होता. "माणसांपेक्षा ही जागा मोठी. आई गेली, मी परत आले, सगळं बदललं, पण तुमची खुर्ची हलली नाही. नाही ना उठायचं? मग बसा. मी ढीग तुमच्याभोवती रचते."

अप्पा जमिनीकडे, म्हणजे माझ्याकडे बघत होते. त्यांनी दोन्ही पाय माझ्यावर घट्ट रोवले. तो दाब मला जाणवत होता.

मिस्त्री मधे पडला नाही. घरच्या भांडणात तो कधी पडत नसावा. तो हातोडी घेऊन खाली बसला आणि मला ठोकू लागला. दारापासून टण, टण, टण. एकेक हात पुढे सरकत तो येत होता. टण, टण. छान भरीव आवाज. मग खुर्चीपासून चार हातांवर आवाज बदलला.

धब.

मिस्त्रीने हात थांबवला. पुन्हा ठोकले. धब. डावीकडे सरकून ठोकले. धब. त्याने हातोडी खाली ठेवली, पालथा झाला आणि माझ्या अंगाला कान लावला. इतक्या वर्षांत कोणी मला कान लावला नव्हता. तो लावून राहिला तेवढ्या वेळात मला पहिल्यांदाच शंका आली, की आपल्यात काहीतरी भयंकर आहे.

तो उठला तेव्हा त्याच्या चेहऱ्यावर थट्टा नव्हती. "गाडीवाल्याला सांगा, काही उतरवायचं नाही," तो ताईला म्हणाला. मग अप्पांकडे वळला. "अप्पा, खाली काय आहे?"

अप्पांनी खुर्चीचे हात घट्ट धरले. मग म्हणाले, "विहीर."

"बुजवलेली?"

"नाही."

मित्रांनो, त्या एका शब्दाने मला काय झाले, ते सांगायला माझ्याकडे शब्द नाहीत. ज्या भक्कमपणाचा मी एवढा गर्व केला, त्याच्याखाली जमीनच नव्हती.

"आधी तुम्ही तिथून या," मिस्त्री हळू आवाजात म्हणाला. "झटका द्यायचा नाही. थांबा, मी सांगतो तसं." त्याने शिडी आडवी करून माझ्यावर ठेवली, तिच्यावर जाड फळी टाकली आणि स्वतः दूर भरीव जागेवर गुडघे टेकून हात पुढे केला. अप्पा उठले. त्यांचा सगळा भार एका चांगल्या पायावर आला आणि माझ्या आत कुठेतरी कट् असा आवाज झाला. तो फक्त मी आणि मिस्त्रीने ऐकला. अप्पांचा गुडघा वाकत नव्हता. एक पाऊल. दुसरे पाऊल. मी जीव एकवटून धरून ठेवले, पण काय धरून ठेवले आणि कशाच्या बळावर, ते मला माहीत नव्हते. तिसऱ्या पावलाला मिस्त्रीने त्यांचे मनगट पकडून त्यांना ओढून घेतले.

मग त्याने लांब पहार घेतली, दूर उभे राहून कोपऱ्याच्या कडेला एकच घाव घातला. जोराचा नव्हे, सहज.

माझा कोपरा गेला. खुर्चीसकट गेला. आधी लाकूड मोडल्याचा आवाज आला, मग काहीच ऐकू आले नाही. आणि मग, इतक्या उशिरा की ताईने मिस्त्रीकडे पाहिले, खालून पाण्याचा आवाज आला.

ताई मागच्या दाराच्या पायरीवर मटकन बसली.

मिस्त्रीने दोरीला दगड बांधून सोडला. चार माणसे एकावर एक उभी राहतील, एवढी खोली. मग त्याने माझी तुटलेली कड पाहिली. जेमतेम तीन इंच जाडी, त्यातल्या सळ्या गंजून काडीसारख्या झालेल्या. खालच्या फळ्या कुजून भुसा झाल्या होत्या. "हा ताकदीवर उभा नव्हता, ताई," तो म्हणाला. "सवयीवर उभा होता."

अप्पा भिंतीला टेकून उभे होते. कोणी विचारले नाही, तरी ते बोलू लागले.

"तुझ्या आईला उघड्या विहिरीची भीती वाटायची. बाळ रांगायला लागेल, म्हणायची. बुजवून टाका. मी भरावाची माणसं सांगितली होती, ती आली नाहीत. कोबा घालणारे मात्र आले. तो गवंडी म्हणाला, जाड फळ्या टाकू, वर सळ्या, काही होत नाही. मी हो म्हटलं. तिला सांगितलं, गळ्यापर्यंत भरली."

"आईला कळलं नाही कधीच?"

"नाही. तिनं विश्वास ठेवला. तुला घेऊन ती नेमकी त्या कोपऱ्यात ऊन खायला बसली. मी कामावरून आलो आणि ते बघितलं. दुसऱ्या दिवशी खुर्ची आणली."

ताईने डोळे मिटून घेतले. "आणि तो धपाटा," ती म्हणाली.

अप्पांनी मान हलवली.

"मग नंतर का नाही भरली?"

"दर वर्षी म्हणायचो, पुढच्या वर्षी. पण अंगण फोडायचं, तर तिला सांगावं लागणार होतं. जितका उशीर, तितकं सांगणं जड. ती गेल्यावर वाटलं, आता सांगायला माणूसच उरलं नाही."

"मी होते ना," ताई म्हणाली.

अप्पांनी फुटलेल्या कोपऱ्याकडे पाहिले. ते म्हणाले, "आज उठलो नाही मी. जीव गेला असता तरी उठलो नसतो."

"उठला नाहीत. पण बोललाही नाहीत. बारा मुलं येणार होती, अप्पा."

ती आत निघून गेली. मी ज्याला हावरट समजत आलो, तो माणूस चौतीस वर्षे एका विहिरीच्या तोंडावर पहारा देत बसला होता. आणि त्याच माणसाने ती तिथे लपवली होती. त्याची कीव करू की त्याच्यावर संतापू, हे मला कळेना. अजूनही कळत नाही.

पुढचे नऊ दिवस ताई अप्पांशी कामापुरते बोलली. गोळी घ्या, जेवायला या. मिस्त्री मात्र रोज आला. आपल्याबरोबर त्याने चार गडी आणले. माझा डावा तिसरा हिस्सा त्यांनी फोडून काढला. दुखले, पण मी हूं की चूं केले नाही. खालच्या कुजक्या फळ्या आणि ती खुर्ची त्याने गळ टाकून वर ओढून घेतली. "राहू दे ना खाली," एक गडी कंटाळून म्हणाला. "कुजणारं काही आत ठेवायचं नाही," मिस्त्री म्हणाला. "ते कुजलं, की पुन्हा पोकळी." मग तळाला मोठे दगड, त्यावर लहान दगड, मग खडी, मग वाळू. प्रत्येक थरावर पाणी, प्रत्येक थर जड धुम्मसाने ठोकून घट्ट. पाचव्या दिवशी अप्पा एक स्टूल घेऊन बाहेर आले आणि प्रत्येक थर बघत बसले. एकाही थरावरून त्यांनी नजर हलवली नाही.

भराव जमिनीला आला. वर नवी, जाड सळ्यांची जाळी टाकून काँक्रीट ओतले. ते माझ्या फुटलेल्या कडेला येऊन भिडले. ओले, अजून अक्कल नसलेले. त्याच्याखाली काय आहे, ते मात्र मला पक्के माहीत होते. मग माझी भेग भरली गेली, माझ्या अंगाला टाचे मारले गेले, ढाळ फिरला आणि फरश्या बसल्या. शेवटी मिस्त्रीने रबरी हातोडीने एकेक फरशी ठोकून पाहिली. सगळीकडे एकच आवाज आला.

पाळणाघर सुरू होण्याच्या आदल्या रविवारी मुलांचे आई-वडील जागा बघायला येणार होते. सकाळी ताई अप्पांसमोर उभी राहिली. "आज तुम्ही सांगायचं," ती म्हणाली. "प्रत्येकाला. मी नाही सांगणार, मिस्त्रीही नाही."

"ते मुलं काढून घेतील."

"घेतील."

अप्पा दिवसभर अंगणात उभे राहिले. जो येईल त्याला सांगत, "इथे खाली विहीर होती. मी ती झाकून ठेवली होती, बुजवली नव्हती. आता बुजवली आहे." मग ती कशी बुजवली, थर किती, जाडी किती, ते सांगत. पहिल्यांदा सांगताना त्यांचा आवाज इतका खाली गेला, की समोरच्या बाईने "काय म्हणालात?" असे विचारले, आणि त्यांना सगळे पुन्हा सांगावे लागले. त्यांच्या बोलण्याने येणारा प्रत्येक माणूस चरकला. एका वडिलांनी मुलीला झटकन कडेवर उचलून घेतले आणि तसेच निघून गेले. आणखी दोघांनी फोनवर नावे काढली. ताईने यादीतली तीन नावे खोडली.

शेवटी एक आई आली. तिने सगळे ऐकले. मग चपला काढल्या, अनवाणी त्या कोपऱ्यात गेली आणि टाच जोरात आपटली. एकदा, दोनदा, तीनदा. अप्पा तिच्या पावलांकडे बघत होते. ती वळली.

"उद्या आठला आणते," ती म्हणाली. "तुम्ही सांगितलंत, म्हणून."

ती गेल्यावर ताईने अप्पांच्या हाताखाली हात घातला. "चला, किती वेळ उभे आहात," ती म्हणाली. दोघे हळूहळू आत गेले.

मित्रांनो, आता नऊ मुले रोज माझ्या डोक्यावर धावतात. मी त्यांना दिसत नाही, आणि मला त्याचे वाईट वाटत नाही. पण तुम्हाला एवढेच विनवतो. ज्याच्यावर तुम्ही रोज उभे राहता, त्याला कधीतरी वाकून ठोकून पाहा, कान लावून ऐका. आणि वरून गुळगुळीत दिसणाऱ्या एखाद्या जागेखाली काय आहे, हे तुमच्यापैकी कोणाला ठाऊक असेल, तर पुढच्या वर्षीची वाट पाहू नका. आज जेवायच्या आधी सांगून टाका.